तेवढ्याच आकारात, त्याच जागी

वार्ताहरांना कोणतीही गोष्ट सांगितली, की ते आधी एकच प्रश्न विचारायचे, "कोण म्हणतंय?" इंद्रायणीवरच्या पुलाला तडा गेलाय. कोण म्हणतंय? तहसीलदारांची बदली झाली. कोण म्हणतंय? एकदा वडगावच्या कोर्टासमोर धो धो पावसात मी पळत त्यांच्या आडोशाला शिरलो आणि डोकं पुसत म्हणालो, "काका, काय पाऊस लागलाय हो!" सवयीनं त्यांच्या तोंडून निघून गेलं, "कोण म्हणतंय?" मग त्यांचं त्यांनाच हसू आलं. छपराबाहेर हात काढून त्यांनी ओला तळवा नीट निरखला आणि म्हणाले, "आहे, आहे. बरोबर आहे."

त्यांना नाव होतं, पण ते वापरताना मी कुणाला ऐकलं नाही. पुण्याच्या एका दैनिकाचे ते तीसेक वर्षं मावळ तालुक्याचे वार्ताहर होते, म्हणून ते वार्ताहर. दैनिकानं केव्हाच निरोपाचा नारळ दिला होता, तरी घोरावाडी स्टेशनामागच्या दोन खोल्यांतून ते रोज सकाळी निघायचे, लोकलनं वडगावला उतरायचे, तहसील कचेरी, कोर्ट आणि बाजार असा फेरा करून दुपारी माझ्या दुकानात येऊन टेकायचे. पत्नी वारलेली, मुलगी साताऱ्याला. बातमी द्यायला जागा उरली नव्हती, पण गोळा करणं थांबलं नव्हतं. मी एकदा चिडवलं, तर म्हणाले, "अरे, म्हैस विकली तरी गवळ्याला पहाटे जाग येतेच."

त्यांच्या खिशाला दोन पेनं असायची, एक निळं आणि एक लाल. स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलेलं ते निळ्या शाईत लिहायचे, दुसऱ्याकडून ऐकलेलं लाल शाईत. संध्याकाळी वही उघडून बघायचे आणि लाल जास्त दिसलं तर त्या दिवशी काही पाठवायचे नाहीत. ही वही पहिल्यांदा पाहिली तेव्हा मी म्हणालो, "काका, माझी वही असती तर ती परीक्षकानं तपासल्यासारखी दिसली असती." ते म्हणाले, "तुझी वहीच नाही, हा त्यातला मोठा मुद्दा आहे."

आता माझ्याविषयी, कारण या गोष्टीतला गाढव मीच आहे. वडगावात माझं मोबाइल दुरुस्तीचं दुकान. टाळेबंदीत धंदा बसला तेव्हा मी एक बातम्यांचं चॅनेल काढलं, 'घाटमाथा झटपट'. संपादक मी, निवेदक मी, कॅमेरा पकडायलाही मीच, त्यामुळे माझ्या सुरुवातीच्या सगळ्या बातम्यांत माझं अर्धंच तोंड आहे. माइकवरचा ठोकळा मी बुटाच्या खोक्याचा कापून केला होता आणि एका बाजूनं बुटाचा नंबर दिसायचा. लोणावळ्यात बाजारात डासांचा धूर सोडत होते, त्याची मी 'भीषण आग' केली. कामशेतजवळ बिबट्या दाखवला, तर तासाभरात त्या बिबट्याच्या मालकाचा फोन आला. बिबट्याचं नाव मोती होतं आणि तो घरी येऊन भाकरी खाऊन झोपला होता. लोक हसले, पण बघणारे वाढले. हसत का होईना बघतात, एवढ्यावर मी स्वतःला पत्रकार समजू लागलो.

वार्ताहर मला 'संपादकसाहेब' म्हणायचे. त्यांच्या तोंडी त्या शब्दाला असं काही टोक यायचं, की मी खुर्चीत जरा सरकून बसायचो.

त्यांची आणखी एक खोड होती. एखाद्याविषयी बातमी लिहिली, की छापायला पाठवण्याआधी ते ती त्याच माणसाला वाचून दाखवायला जायचे. त्याच्या विरोधातली असली तरी! एका सरपंचानं त्यांना उंबऱ्यातूनच शिव्या घातल्या. वार्ताहरांनी शांतपणे वही काढली, त्या शिव्या लिहून घेतल्या आणि विचारलं, "यातलं कुठलं तुमचं म्हणणं म्हणून छापू?" सरपंच गोंधळला, मग बसला, मग म्हणे दीड तास बोलला. "वाचून दाखवलं की दोन गोष्टी होतात," वार्ताहर सांगायचे. "त्याचं खोटं असेल तर तो चाचरतो. आपलं खोटं असेल तर आपण चाचरतो." मी म्हणालो, "काका, तेवढ्या वेळात चार चॅनेलांवर बातमी येऊन जाते." ते म्हणाले, "येऊ दे की. तुला काय पहिलं बक्षीस आहे?"

तर त्या श्रावणातल्या एका रविवारी माझ्या फोनवर एक चित्रफीत आली. बेडशाच्या लेण्यांच्या पायऱ्या, रिमझिम पाऊस, आणि डोक्यावर निळी बॅग घेऊन झपाझप खाली उतरणारा एक काटकुळा माणूस. मधेच तो वळून मागं बघतो. फीत अर्ध्या मिनिटाची. खाली लिहिलेलं की पुण्याहून आलेल्या मंडळींची बॅग वरून नाहीशी झाली आणि हा माणूस ती घेऊन जाताना त्यांच्यातल्याच एकाच्या चित्रीकरणात सापडला.

मी काय केलं ते सांगायला आजही लाज वाटते, म्हणून पटकन सांगतो. त्याच्या डोक्याभोवती लाल गोल काढला. गोलाकडे बाण काढला. मागं धडधडणारं संगीत लावलं. तो वळून बघतो ते तीन वेळा संथ करून दाखवलं. आणि वर शीर्षक: 'लेण्यांवर पर्यटकांची बॅग लंपास! चोरटा कॅमेऱ्यात कैद!' दुकानाचं शटर अर्धं ओढून, भज्याचा तेलकट हात पँटला पुसत, मी ते सोडून दिलं. मोतीलासुद्धा एवढी माणसं बघायला आली नव्हती. पवनेच्या बाजूच्या गावांतल्या, बंगल्यांच्या राखणदारांच्या, दूधवाल्यांच्या, सगळ्यांच्या गटांवर ती फीत फिरली. मी दर पाच मिनिटांनी आकडा बघत होतो आणि आकडा मला बघत होता.

तिसऱ्या दिवशी वार्ताहर दुकानात आले. छत्री मिटली, कोपऱ्यात ठेवली, बसले.

"चोर म्हणालास. कोण म्हणतंय?"

"व्हिडिओ म्हणतोय की, काका! डोळ्यांनी दिसतंय."

"व्हिडिओत माणूस बॅग घेऊन उतरतोय. तेवढंच निळ्या शाईतलं. चोर हे व्हिडिओ म्हणत नाही, तू म्हणतोयस. त्याला विचारलंस?"

"चोराला कसं विचारायचं?"

"मग पोलिसांत तक्रार आहे?"

"ते मला काय माहीत?"

उठून त्यांनी माझ्या मोटारसायकलची चावी खिळ्यावरून काढून माझ्यापुढे धरली.

कामशेतहून पवनानगरच्या रस्त्याला लागलो, बेडशाला वळलो. लेण्यांच्या पायऱ्या सुरू होतात तिथं एका मावशींची चहाची टपरी आहे. आम्ही वाकून आत शिरलो आणि मी वर बघितलं. टपरीच्या वाशाला खिळे मारलेले होते, आणि त्यांच्यावर एक गुलाबी छत्री, एक पाण्याची बाटली, लहान मुलाचा एक सॅंडल आणि एक निळी बॅग लटकत होती.

बेडशाला ही रीतच आहे. लेण्यांवर कुणाचं काही राहिलं, की वाडीवरचा जो कुणी वर जाईल तो ते उचलून खाली आणतो आणि टपरीच्या वाशाला टांगतो. माकडांच्या हाती लागत नाही आणि मालक खाली उतरला की त्याला समोरच दिसतं. आता सगळ्यात वाईट भाग ऐका. ही रीत मला माहीत होती! आदल्याच वर्षी माझी स्वतःची छत्री मी ह्याच वाशावरून काढून नेली होती आणि ज्यानं आणली त्याचं नावसुद्धा विचारलं नव्हतं.

"मावशी, ही बॅग कुणी आणली?" वार्ताहरांनी विचारलं.

"चिंधूनं. रैवारी. मालक आलेच न्हाईत बगाया. तशीच गाडीत बसून भांडत गेली मानसं." मावशी माझ्याकडं बघत थांबल्या. "तुमीच न्हवं का ते झटपटवाले?"

मी म्हणालो, "दोन चहा."

चिंधू वाडीत, डोंगराच्या पायथ्याला राहत होता. थोडी नाचणी, चार कोंबड्या, आणि बाकीचं पोट पवनेकाठच्या बंगल्यांवर. बंगलेवाले शनिवार-रविवारी येतात. त्यांचं गवत काढायचं, कुंपणाची मेंदी छाटायची, टाकी धुवायची, अशी सात बंगल्यांची कामं त्यानं धरली होती. आम्ही गेलो तेव्हा ऐन कामाच्या दिवशी तो ओट्यावर बसून कोयत्याला धार लावत होता. दोन दिवस तीच धार लावत असावा.

"सोमवारी गेलतो," तो म्हणाला. "पैल्या गेटावं राखणदार म्हनला, चिंधू, सायबांनी सांगितलंय, सध्या येऊ नगंस. दुसऱ्या गेटावं बी त्येच. तिसऱ्या गेटावं त्यानं मोबाइल दाविवला. मीच हुतो. माज्या डोक्याला लाल कडं." त्यानं स्वतःच्या डोक्याभोवती बोट फिरवून दाखवलं. "मंग म्या फुडं गेलोच न्हाई."

"मागं वळून का बघितलंत?" मी विचारलं. म्हणजे बघा, अजूनही मी पुरावा शोधत होतो!

"बायको मागं हुती की. तिच्या डोक्यावं मोळी. घसरंल म्हून बगितलं."

परत येताना मी वाटेतच गाडी बाजूला घेऊन ती फीत पुसून टाकली आणि फोन वार्ताहरांच्या नाकापुढे नाचवला. "झालं, काका! गेली. नाहीच आता."

वार्ताहरांनी फोन बाजूला सारला. "आमचा छापलेला कागद परत घेता यायचा नाही. म्हणून खुलासा द्यावा लागायचा. तुला परत घेता येतो, म्हणून तुला वाटतं की झालंच नाही. चिंधूच्या डोक्याचं कडं पुसलं का?"

मग त्यांनी स्वतःची एक गोष्ट सांगितली. तरुणपणी त्यांनी एक ग्रामसेवक निलंबित झाल्याची बातमी दिली होती, आणि नेमका त्याच आडनावाचा दुसराच छापला गेला. संपादकांनी खुलासा दिला, पण आतल्या पानावर, मूळव्याधीच्या जाहिरातीखाली. वार्ताहर पुण्याला गेले आणि कचेरीच्या बाकावर दोन दिवस बसून राहिले. त्यांचं मागणं एकच होतं: बातमी जेवढ्या आकारात आणि ज्या जागी आली, खुलासाही तेवढ्याच आकारात आणि त्याच जागी. शेवटी तो आला. "त्यानंतर वर्षभर माझं एकही अक्षर पहिल्या पानावर गेलं नाही," ते म्हणाले. "पण तो ग्रामसेवक भेटला की थांबून बोलायचा. एवढा एकच नियम मला पुरला बघ, इतकी वर्षं."

हा नियम मला पुरणार नाही, हे त्या वेळी दोघांनाही माहीत नव्हतं.

बॅगेत एक कार्ड होतं. वार्ताहरांनी फोन करून त्या मंडळींना बोलावलं, बॅग त्यांच्या हाती दिली, चिंधूनं ती कशी आणली ते सगळं सांगितलं. त्यांनी मान हलवली, आभार मानले, आणि घरी जाऊन लिहिलं: 'घाटमाथा झटपटच्या दणक्यामुळे बॅग परत मिळाली!' झालं! माझ्या दुकानात लोक अभिनंदनाला येऊ लागले. एकानं पेढे आणले. चोराला माल परत करायला लावणारा म्हणून माझा सत्कार करायचं एका मंडळाच्या मनात आलं. खरं सांगायचं तर अर्धा दिवस मलाही वाटलं, की असेल बुवा, आपल्या दणक्यानंही थोडंफार झालं असेल. वार्ताहर दुपारी आले, त्यांनी पेढ्याचा पुडा बघितला आणि टेकलेसुद्धा नाहीत. "पेढा खा आधी," दारातूनच म्हणाले. "गिळला जातो का बघू."

मग मी खुलाशाची फीत बनवायला बसलो. तेवढाच आकार म्हणजे तेवढीच लांबी. तीच चित्रं, तोच गोल, फक्त लालऐवजी हिरवा. आणि संगीत तेच धडधडणारं, कारण माझ्याकडे दुसरं नव्हतं. शीर्षक: 'तो चोर नव्हता!' सोडण्याआधी वार्ताहरांच्या नियमाप्रमाणे ती चिंधूला दाखवायला आम्ही पुन्हा वाडीत गेलो. चिंधूनं बघितली आणि फोन बायकोकडे दिला. हौसाबाईंनी ती उभ्यानंच बघितली.

"परत त्यांचं तोंड दाविवनार?"

"पण वहिनी, चोर नाही म्हणून सांगतोय," मी म्हणालो.

"दाविवनार तर हायेच ना?" त्यांनी फोन माझ्या हातात परत दिला. "त्या राखणदारानं दाविवलं तवा आवाज बंदच हुता. समदी तशीच बगत्यात. गेटावं, गाडीत, दुकानात. बोलनं कोन ऐकतंय? त्यास्नी कडं दिसतंय न् बान दिसतोय. हिरवं का लाल, ते बी कोन बगतंय?"

वार्ताहरांनी चष्मा काढला. पुसला. पुन्हा घातला.

"बाई, मग काय करावं?" त्यांनी विचारलं.

"ते मला काय ठावं, आबा? शिकल्याली तुमी."

चिंधू तेवढ्यात हळूच बोलला, "मला कामाला बोलवत्यात का न्हाई, तेवडं बगा. बाकी तुमचं तुमी."

बांधावर बसून वार्ताहरांनी वही उघडली. चेहरा न दाखवता खुलासा दिला, तर तो कुणाविषयी आहे हे कुणालाच कळणार नाही. चेहरा दाखवला तर हौसाबाई म्हणतात तसं होणार. नाव लिहिलं, तर ज्यांना फक्त चेहरा माहीत होता त्यांना नावही कळणार. काहीच केलं नाही, तर कडं तसंच. एकेक ओळ ते लिहायचे आणि खोडायचे. शेवटी मला म्हणाले, "तुझ्या त्या यंत्रात पहिलं पान कुठं असतं रे?" मी म्हणालो, "काका, प्रत्येकाचं वेगळं असतं." ते म्हणाले, "म्हणजे जागाच नाही. मग त्याच जागी कसं छापणार?"

नुसत्या अक्षरांचा, चेहरा आणि नाव नसलेला एक खुलासा मी टाकला. एकवीस जणांनी बघितला. त्यांत चार वेळा मीच होतो.

दुसऱ्या दिवशी वार्ताहर नेहमीच्या आधी आले. "बातमी लागली कुठं? सात गेटांवर. मग खुलासाही सात गेटांवर. चल." मी म्हणालो, "म्हणजे पत्रकं वाटायची?" "तोंडानं सांगायचं. बातमी तुझ्या तोंडची होती ना?"

चिंधूला विचारून आम्ही निघालो. तो आला नाही, म्हणाला, "तुमी व्हा फुडं." पहिल्या गेटावर मी घसा खाकरून म्हणालो, "मी घाटमाथा झटपटचा संपादक. चिंधूविषयी मी जे दाखवलं ते चूक होतं. तो बॅग टपरीवर ठेवायला निघाला होता." राखणदार माणूस चांगला होता. म्हणाला, "मला म्हाईत हाय ओ. चिंधू कसला चोर! पर सायेब बगतो न्हवं मोबाइल." त्यानं साहेबांना फोन लावून दिला, मी तेच पाठ म्हटलं, आणि साहेब म्हणाले, "ठीक आहे, ठीक आहे, येऊ दे." मला एवढा आनंद झाला की मी वार्ताहरांना टाळी द्यायला हात पुढे केला. त्यांनी टाळी दिली नाही, पण छत्री दुसऱ्या हातात घेतली. ते त्यांचं हसणं.

दुसऱ्या गेटावरचा गडी नवा होता. "कंचा व्हिडिओ? बगू की." आणि माझा हात, देवाशपथ सांगतो, आपोआप खिशात गेला! फोनमध्ये एक प्रत होतीच. वार्ताहरांनी छत्रीची मूठ माझ्या मनगटावर अशी हाणली, की वळ दोन दिवस राहिला. तिथल्या मालकांनीही फोनवर 'येऊ दे' म्हटलं.

तिसऱ्या गेटावर मात्र चुकलं. तिथं बाई स्वतः होत्या. पुण्याच्या, बँकेतून निवृत्त झालेल्या, हातात झारी. मी पाठ म्हटला. त्यांनी झारी खाली ठेवली. "थांबा, थांबा. चोरी? कसली चोरी?" मी म्हणालो, "अहो, त्या व्हिडिओमुळे तुम्ही त्याला बंद केलं ना?" "आम्ही कुणालाच बंद केलं नाही. राखणदार म्हणाला तो सध्या येत नाही, आम्हाला वाटलं आजारी असेल." मग त्या जरा विचारात पडल्या आणि अगदी सौम्यपणे म्हणाल्या, "बरं झालं सांगितलंत. सध्या नकोच मग. उगाच कशाला, नाही का?"

"पण तो चोर नाही, हेच सांगायला आलोय आम्ही!"

"हो हो, ते कळलं. पण काहीतरी झालं असणार ना, त्याशिवाय का तुम्ही दोघं एवढ्या लांब आलात?"

बाहेर रस्त्यालगत मैलाचा दगड होता, त्यावर वार्ताहर बसले. "तिला माहीतच नव्हतं," ते म्हणाले. थोड्या वेळानं पुन्हा तेच म्हणाले. "आपण गेलो नसतो तर पुढच्या आठवड्यात तो आपला कामावर गेला असता." मी म्हणालो, "काका, तुम्हीच म्हणालात की सात गेटांवर." "म्हणालो की. आता नाकारतोय का?" आणि मग, माझ्याकडे न बघता, "मला इतकी वर्षं वाटत होतं, खरं सांगितलं की संपतं."

उरलेल्या चार गेटांवर जावं की नाही यावर आम्ही त्या दगडापाशी तासभर वाद घातला. शेवटी आधी राखणदाराला विचारायचं, मालकानं बघितलंय का, आणि बघितलं असेल तरच बोलायचं, असं ठरलं. दोन ठिकाणी काम परत मिळालं. एका ठिकाणी दुसरा माणूस लागला होता. एक बंगलाच विकायला काढलेला होता. आणि बाईंचं गेट तसंच राहिलं. हे जिंकणं की हरणं, ते कोणत्या शाईत लिहायचं, हे वार्ताहरांना ठरवता आलं नाही. मी बघितलं, त्या पानावर त्यांनी पेन्सिल वापरली होती.

दिवाळीनंतर त्यांचा श्वास लागू लागला आणि मुलीनं त्यांना साताऱ्याला न्यायचं ठरवलं. घोरावाडीच्या फलाटावर मी त्यांची पिशवी घेऊन उभा होतो. "चॅनेल बंद करू का?" मी विचारलं. मला वाटलं होतं की ते हो म्हणतील, मग मला मोकळं वाटेल. ते म्हणाले, "बंद करून तू काय करणार? दुसरा कुणी करेल, त्याला टपरीसुद्धा माहीत नसेल." मग म्हणाले, "चालू ठेव असंही म्हणत नाही हं मी." लोकल आली. जागा मिळाल्यावर खिडकीतून वाकून म्हणाले, "तिसरं गेट तेवढं बघ."

मी बघितलं. दर आठवड्याला बाईंकडे जाऊन तेच तेच सांगत राहिलो, वाशाच्या खिळ्यांपासून मोळीपर्यंत. माझी छत्रीही सांगितली. शेवटी एका गुरुवारी बाई कंटाळून म्हणाल्या, "तुम्ही जबाबदारी घेता का?" घेतो म्हणालो. "मग तो काम करेल तेव्हा तुम्ही इथं थांबायचं." तर अशा रीतीनं घाटमाथा झटपटचे संपादक दर गुरुवारी दुकान बंद ठेवून बंगल्याच्या गेटाशी प्लॅस्टिकच्या खुर्चीत बसू लागले आणि चिंधू आत मेंदी छाटू लागला. मला फार बरं वाटायचं. पत्रकाराची जबाबदारी म्हणतात ती हीच असं वाटून मी खुर्चीत ताठ बसायचो.

पाचव्या की सहाव्या गुरुवारी चिंधू कात्री घेऊन माझ्याजवळ आला.

"भाऊ, येक सांगू का?"

"सांगा की."

"तुमी जावा आता. तुमी हितं बसता ना, तर रस्त्यानं जानारी मानसं इचारत्यात, ह्याच्यावं नजर ठिवाया मानूस का बसिवलाय म्हून. काल मावशीबी इचारत हुती, आसं काय केलंस रं म्हून."

मी खुर्चीतून अर्धा उठलो आणि तसाच अडकलो. उठलो तर बाईंना दिलेला शब्द जातो. बसलो तर मी स्वतःच लाल गोल होऊन बसलेला. तशाच अर्धवट अवस्थेत मी साताऱ्याला फोन लावला. वार्ताहरांचा आवाज खोल गेला होता. मी सगळं सांगितलं.

"चिंधू काय म्हणतो?"

"जा म्हणतो."

"मग ऊठ की."

"आणि बाई?"

ते खोकले, बराच वेळ. "काय होतं ते कळव मला," म्हणाले.

मी उठलो. खुर्ची घडी होणारी नव्हती, म्हणून भिंतीला लावून ठेवली. गाडी सुरू करताना बघितलं, तर बाई दारात आल्या होत्या. त्यांनी रिकाम्या खुर्चीकडे बघितलं, मेंदीपाशी वाकलेल्या चिंधूकडे बघितलं, आणि आत गेल्या. त्यांनी विश्वास टाकला, की आत कुकरची शिट्टी झाली होती, हे मला आजतागायत कळलेलं नाही. पुढच्या गुरुवारी चिंधू एकटा गेला आणि त्याला कुणी अडवलं नाही, एवढं मात्र खरं.

हे वार्ताहरांना रविवारी निवांत सांगायचं असं मी ठरवलं होतं. शनिवारी सकाळी त्यांच्या मुलीचा फोन आला. मी हॅलो म्हणालो आणि ती नुसती रडत राहिली.

चिंधू अजून तिथं जातो. माझं चॅनेलही आहे. बातम्या कमी झाल्या आहेत आणि बघणारे त्याहून कमी. कधी पवनेच्या रस्त्यानं जायची वेळ आली, की ते गेट जवळ येताना माझी तारांबळ उडते. गाडी हळू केली तर पाळत ठेवल्यासारखं दिसेल. जोरात काढली तर त्याला वाटेल की मी तोंड चुकवतोय. नेमकी किती वेगानं न्यायची, हे विचारायला आता कुणी नाही.